खुनाचे आकडे कसे वाचायचे? नाशिककरांकडून वारंवार येणारे प्रश्न

नाशिकमध्ये एका आठवड्यात लागोपाठ दोन खून झाले की माझ्या फोनवर कात्रणे येऊ लागतात, आणि कात्रणांच्या मागोमाग प्रश्न. बरेचसे तेच ते असतात, म्हणून उत्तरे इथे एकत्र लिहून ठेवली. काही वर्षे मी एका दैनिकात गुन्हेवार्ता पाहिली आहे. डिसेंबरअखेर पोलिसांकडून आलेला तक्ता समोर ठेवून 'शहरात खुनांचा आलेख चढताच' असा मथळा मीही दिला आहे. आज तो तसा देणार नाही. का, ते प्रश्न ९ मध्ये.

१. भारतात वर्षाला किती खून होतात?

२०२२ मध्ये देशभरात खुनाचे २८,५२२ गुन्हे नोंदवले गेले. म्हणजे दिवसाला सरासरी ७८, तासाला तीनहून अधिक. २०२३ मध्ये हा आकडा २७,७२१ वर आला. लोकसंख्येच्या मानाने पाहिले तर लाखामागे साधारण दोन. हा 'दोन' लक्षात राहू द्या, पुढे तो बऱ्याचदा लागेल.

२. ही मोजणी कोण करते? खासगी संस्था की सरकार?

सरकारच. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभाग म्हणजे एनसीआरबी १९८६ मध्ये स्थापन झाला, तो केंद्रीय गृह मंत्रालयाच्या अखत्यारीत येतो. 'क्राइम इन इंडिया' हा वार्षिक अहवाल मात्र त्याच्याही आधीपासून, १९५३ पासून निघतो. विभाग स्वतः घरोघरी फिरून काही मोजत नाही. पोलीस ठाण्यात दाखल झालेल्या गुन्ह्याची नोंद जिल्ह्याकडे, तिथून राज्याकडे आणि राज्याकडून दिल्लीला जाते. आपल्याकडे हे राज्य पातळीवरचे काम पुण्यातील राज्य गुन्हे अन्वेषण विभागाकडे आहे.

त्यामुळे अहवालात दिसतात ते 'नोंदवलेले' गुन्हे. चोरी, मारहाण, विनयभंग यांत घडलेले आणि नोंदवलेले यांच्यात प्रचंड तफावत असते. खुनात ती सर्वांत कमी, कारण मृतदेह सहजासहजी लपत नाही. म्हणूनच दोन राज्यांची किंवा दोन काळांची तुलना करायची तर अभ्यासक आधी खुनाचाच आकडा हाती घेतात.

३. 'दर' म्हणजे नक्की काय? नुसता आकडा का चालत नाही?

दर म्हणजे एका वर्षातले गुन्हे भागिले लोकसंख्या, गुणिले एक लाख. सिन्नरमध्ये चार खून झाले आणि मुंबईत चार झाले, तर दोन्हींचा अर्थ एक नाही, हे कुणालाही पटते. गोम भाजकात आहे. २०११ नंतर जनगणनाच झालेली नाही, पुढची २०२७ ची. तोवर देशाचा आणि राज्यांचा दर काढताना अंदाजित लोकसंख्या वापरतात. मोठ्या शहरांसाठी मात्र एनसीआरबी २०११ चीच लोकसंख्या धरते. पुण्यासारख्या झपाट्याने फुगलेल्या शहराचा दर त्यामुळे कागदावर आहे त्याहून चढा दिसतो.

आपल्याकडे आणखी एक गंमत आहे. सिंहस्थाच्या वर्षात रामकुंडावर आणि त्र्यंबकेश्वरी येणारे लाखो भाविक नाशिकच्या लोकसंख्येत धरले जात नाहीत, पण त्यांच्या बाबतीत घडलेला गुन्हा नाशिकच्याच खात्यात पडतो. २०२७ चे आकडे वाचताना हे ध्यानात असू द्या.

४. आमच्या आजोबांच्या काळात एवढे खून होत नव्हते. खरे ना?

सर्वांत जास्त वेळा येणारा प्रश्न हाच, आणि विचारणाऱ्याला उत्तर आधीच ठाऊक असते.

१९५३ मध्ये देशात ९,८०२ खून नोंदवले गेले. २०२२ मध्ये २८,५२२. जवळपास तिप्पट! इथेच थांबलो तर आजोबांचे म्हणणे खरे ठरते. पण १९५३ मध्ये भारताची लोकसंख्या साडेसदतीस कोटींच्या आसपास होती. दर निघतो लाखामागे सुमारे २.६. २०२२ चा दर २.१. म्हणजे आजोबांच्या तरुणपणी एखाद्या माणसाचा खून होण्याची शक्यता आजच्यापेक्षा थोडी जास्तच होती.

मधल्या काळात रेघ सरळ उतरत आलेली नाही. ती आधी चढली. १९९२ मध्ये ४०,१०५ खून नोंदवले गेले. त्या वेळच्या लोकसंख्येवर दर सुमारे ४.६. तो आजवरचा उच्चांक. पंजाबातला रक्तपात अजून थांबलेला नव्हता, काश्मीर पेटलेले होते आणि वर्ष संपता संपता दंगली झाल्या. तिथून पुढे उतार लागला: २००१ मध्ये ३६,२०२, २०११ मध्ये ३४,३०५, २०१६ मध्ये ३०,४५० आणि २०१७ पासून आकडा तीस हजारांच्या खालीच आहे. लोकसंख्या वाढत असताना नुसता आकडाही घटला, तेव्हा दर किती उतरला असेल ते पाहा. तीस वर्षांत निम्म्याहून खाली.

म्हणून 'पूर्वी' म्हणजे कधी, हे आधी विचारावे. १९५३ शी तुलना केली तर थोडी घट, १९९२ शी केली तर मोठी घट, आणि २०१७ शी केली तर जवळजवळ सपाट रेघ. निवडणुकीच्या भाषणात कोणते वर्ष उचलले जाते, यावर लक्ष ठेवा.

५. मग रोज पेपरात खूनच का दिसतात?

खून ही बातमी आहे आणि बाकीचे बरेचसे मृत्यू बातमी नाहीत, म्हणून. २०२२ मध्ये देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे गेली आणि १,७०,९२४ जणांनी आत्महत्या केली. दोन्ही आकडे खुनांच्या सुमारे सहापट. मुंबई-आग्रा महामार्गावर ट्रकने दुचाकी उडवली तर आतल्या पानावर चार ओळी. कोयत्याने वार झाले तर पहिले पान आणि सीसीटीव्हीची क्लिप दिवसभर गटागटांतून फिरणार. पूर्वी उपनगरातला खून पंचवटीत दुसऱ्या दिवशी कळायचा, आता दहा मिनिटांत कळतो. शिवाय बिहारमधली क्लिप 'नाशिकची घटना' म्हणून येते ती वेगळीच.

६. खून कमी झाले, मग श्रेय कुणाचे? पोलिसांचे?

थोडेफार असेल. पण एक जोडीचा आकडा पाहिल्याशिवाय हार-तुरे नकोत. खुनाच्या प्रयत्नाचे गुन्हे २०११ मध्ये ३१ हजारांच्या घरात होते आणि पुढच्या दहा वर्षांत ते ५० हजारांच्या वर गेले. खून घटत आहेत आणि खुनाचे प्रयत्न वाढत आहेत.

याचे दोन अर्थ लागतात. एक, वार तेवढेच होत आहेत, पण जखमी वाचत आहेत. २०१४ पासून आपल्याकडे १०८ ची रुग्णवाहिका आहे, रक्त मिळते, फोन प्रत्येकाच्या खिशात आहे. वीस वर्षांपूर्वी सुरगाण्याच्या पाड्यावरून जखमीला नाशिकच्या जिल्हा रुग्णालयात आणेपर्यंत जे घडायचे, ते आज दरवेळी घडत नाही. दोन, पूर्वी साध्या मारहाणीचे कलम लागायचे तिथे आता खुनाच्या प्रयत्नाचे लागते. माझे मत: दोन्ही गोष्टी घडल्या आहेत. मात्र 'समाज शांत झाला' हा निष्कर्ष खुनाच्या एकट्या आकड्यावरून काढणे मला पटत नाही.

७. सर्वांत जास्त खून कोणत्या राज्यात? आपला नंबर कितवा?

२०२२ चा नुसता आकडा: उत्तर प्रदेश ३,४९१, बिहार २,९३०, महाराष्ट्र २,२९५. आपण तिसरे. ही यादी दरवर्षी झळकते आणि दरवर्षी तिच्यावरून भांडणे होतात.

दराने लावा, चित्र पालटते. झारखंडचा दर ४.०, देशात सर्वांत वरचा. उत्तर प्रदेश सुमारे दीड, म्हणजे देशाच्या सरासरीच्या खाली. महाराष्ट्र १.८, तोही सरासरीच्या खालीच. मोठे राज्य यादीत वर असणारच. त्यात नवल काही नाही.

८. 'क्राइम इन इंडिया'च्या शहरांच्या यादीत नाशिक सापडत नाही. आपला आकडा दडपला का?

नाही. २०१५ च्या अहवालापर्यंत दहा लाखांवरची ५३ शहरे घेत असत, त्यांत नाशिक होते. २०१६ पासून फक्त वीस लाखांवरची १९ शहरे घेतात. महाराष्ट्रातून मुंबई, पुणे आणि नागपूर. २०११ च्या जनगणनेत नाशिक शहर १४,८६,०५३ वर होते, त्यामुळे आपण बाहेर पडलो. अपघाती मृत्यू आणि आत्महत्यांच्या अहवालात ५३ शहरांची यादी अजून आहे, तिथे नाशिक मिळेल.

खुनाचा आकडा जिल्हावार तक्त्यात शोधा, आणि तोही दोन ओळींत. नाशिक शहर पोलीस आयुक्तालयाची एक ओळ, नाशिक ग्रामीण पोलीस अधीक्षकांची दुसरी. सातपूर, अंबड, भद्रकाली, नाशिकरोड, देवळाली कॅम्प पहिल्या ओळीत. मालेगाव, मनमाड, येवला, निफाड, इगतपुरी दुसऱ्या ओळीत. रेल्वेच्या हद्दीतला गुन्हा लोहमार्ग पोलिसांकडे, म्हणजे या दोन्हींच्या बाहेर. 'नाशिकमध्ये एवढे खून' असे कुणी म्हणाले की शहर की जिल्हा, एवढे विचाराच. अर्धे वाद तिथेच मिटतात.

९. यंदा शहरात गेल्या वर्षीपेक्षा आठ-दहा खून जास्त झाले. ही 'लाट' नाही का?

समजा, एखाद्या शहरात वर्षाला सरासरी ३६ खून होतात आणि परिस्थिती अजिबात बदललेली नाही. तरीही दरवर्षी बरोबर ३६ होणार नाहीत. एखादे वर्षी ३१, पुढल्या वर्षी ४१. संख्याशास्त्राचा ढोबळ नियम असा की इतक्या छोट्या आकड्यात वर्गमुळाएवढी, म्हणजे इथे सहाची, वर-खाली हालचाल नुसत्या योगायोगाने होते, आणि तीन वर्षांतून एकदा ती त्याहूनही मोठी असते. ३१ वरून ४१ म्हणजे टक्केवारीत ३२ टक्के वाढ! मथळा तयार. मी हेच करत होतो.

पाच वर्षांची सरासरी घ्या आणि तिची आधीच्या पाच वर्षांशी तुलना करा. किंवा एकामागून एक तीन-चार वर्षे चढ दिसला तर काळजी करा. पहिल्या तीन महिन्यांच्या आकड्याला चारने गुणून वर्षाचा अंदाज तर बांधूच नका.

पण घरातला माणूस गेलेल्यापुढे हा हिशेब मांडू नये, एवढे तारतम्य हवे.

१०. खून, सदोष मनुष्यवध, निष्काळजीपणाने मृत्यू: यांतले काय मोजतात?

'खुनाच्या' आकड्यात फक्त खून. भारतीय दंड संहितेचे कलम ३०२ सगळ्यांना पाठ आहे; १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत त्याच्या जागी १०३ आले. पोलीस ठाण्यात अजूनही 'तीनशे दोन लागला' असेच ऐकू येते. मारण्याचा पुरता हेतू नसेल, अचानक भांडण पेटले असेल किंवा एकाएकी तीव्र प्रक्षोभ झाला असेल, तर सदोष मनुष्यवध: पूर्वीचे ३०४, आताचे १०५. त्याचा रकाना वेगळा. बेदरकार गाडी चालवून कुणाला उडवले तर निष्काळजीपणाने मृत्यू: पूर्वीचे ३०४-अ, आताचे १०६. तोही वेगळा.

२०२४ च्या पुढचे आकडे वाचताना जुनी आणि नवी कलमे एकाच वर्षात दिसतील, कारण १ जुलैपूर्वी घडलेल्या घटनेला जुनेच कलम लागते.

११. हुंडाबळी खुनात धरतात का?

नाही, आणि माझ्या मते सगळ्या आकडेवारीतली सर्वांत महत्त्वाची फट हीच आहे. लग्नाला सात वर्षे व्हायच्या आत विवाहितेचा भाजून, जखमांनी किंवा अन्य अनैसर्गिक कारणाने मृत्यू झाला आणि त्याआधी हुंड्यासाठी छळ झालेला असेल, तर हुंडाबळीचे कलम लागते: पूर्वी ३०४-ब, आता ८०. त्याचा रकाना स्वतंत्र. २०२२ मध्ये असे मृत्यू साडेसहा हजारांच्या आसपास होते.

त्याच वर्षी खुनाच्या बळींत स्त्रिया ८,१२५, म्हणजे चारातल्या एकीहून थोड्या जास्त. त्यांत हुंडाबळी मिळवा, स्त्रियांचा वाटा चाळीस टक्क्यांच्या घरात जातो. सरसकट मिळवणे बरोबर नाही, कारण हुंडाबळींत छळाला कंटाळून केलेल्या आत्महत्याही असतात. पण 'खून हा पुरुषांचा आपसातला मामला' हे वाक्य ऐकले की मला ही बेरीज आठवते. विहिरीत सापडलेली सून खुनाच्या रकान्यात येईल, हुंडाबळीच्या, आत्महत्येच्या की नुसत्या 'पाय घसरून पडली'च्या, हे माहेरची माणसे ठाण्यात किती वेळ बसून राहतात त्यावरही ठरते. हे मी बातमीदारीत अनेकदा पाहिले आहे.

१२. गोदावरीत किंवा घाटात मृतदेह सापडला तर तो लगेच खून म्हणून मोजतात का?

नाही. जखमा स्पष्ट नसतील तर आधी अकस्मात मृत्यूची नोंद होते. शवविच्छेदन होते, कारण कळले नाही तर व्हिसेरा, म्हणजे शरीरातल्या अवयवांचे नमुने, राखून ठेवतात आणि तो न्यायसहायक प्रयोगशाळेत जातो. नाशिकला दिंडोरी रोडवर ही प्रादेशिक प्रयोगशाळा आहे. अहवालात विष किंवा गळा दाबल्याचे निघाले की मग खुनाचा गुन्हा दाखल होतो. गुन्हा ज्या वर्षी दाखल झाला, त्या वर्षात तो मोजला जातो. नोव्हेंबरात सापडलेला मृतदेह पुढल्या वर्षीच्या आकड्यात दिसला तर तक्ता चुकलेला नसतो.

जखमी दवाखान्यात दगावला तर नवा गुन्हा होत नाही. आधीच्याच गुन्ह्यात कलमवाढ होते.

१३. एकाच घटनेत चार जण मारले गेले तर एक खून की चार?

गुन्हा एक, बळी चार. अहवालात दोन्ही रकाने असतात आणि पेपरात येतो तो बहुधा गुन्ह्यांचा आकडा. २००६ च्या मालेगाव स्फोटांत एका दुपारी तीसहून अधिक माणसे गेली. अशा वर्षी गुन्ह्यांचा आणि माणसांचा आकडा यांत किती अंतर पडते, ते वेगळे सांगायला नको.

आणखी एक नियम: एका फिर्यादीत अनेक कलमे असली तर सर्वांत जड शिक्षेचे कलम मोजतात. खून आणि चोरी असेल तर खून मोजला, चोरी नाही. याला अपवाद दरोड्याचा. दरोडा घालताना खून झाला तर त्याचा स्वतंत्र रकाना आहे, दरोड्याच्या शीर्षाखाली. मळ्यातल्या वस्तीवर पडलेल्या दरोड्यात म्हातारा-म्हातारी मारले गेले, तर ते खुनाच्या एकूण आकड्यात शोधून सापडणार नाहीत.

१४. मारणारे अल्पवयीन असतील तर?

गुन्हा मोजला जातोच. मोजणीला आरोपीच्या वयाशी कर्तव्य नाही. फरक पुढे पडतो. विधिसंघर्षग्रस्त बालक, म्हणजे अल्पवयीन आरोपी, बाल न्याय मंडळापुढे जाते. वय १६ ते १८ आणि गुन्हा घृणास्पद असेल तर २०१५ च्या कायद्यानुसार त्याला प्रौढ म्हणून खटल्याला सामोरे जावे लागू शकते.

१५. जमावाने मारले, पोलीस चकमकीत मेला: हे कुठे?

शेजारच्या धुळे जिल्ह्यात राईनपाडा इथे १ जुलै २०१८ ला मुले पळवणारे समजून जमावाने नाथपंथी डवरी गोसावी समाजातल्या पाच जणांना ठेचून मारले. तेव्हा झुंडबळीचे वेगळे कलम नव्हते, त्यामुळे असे मृत्यू एकूण खुनांत विरघळून जात. आता जात, समुदाय, भाषा वगैरे कारणांवरून पाच किंवा अधिक जणांनी मिळून केलेल्या खुनाला १०३ चे दुसरे उपकलम आहे. अफवेवरून झालेला खून त्यात बसतो की नाही, यावर वकील भांडतील.

चकमकीतला मृत्यू सहसा खुनाच्या रकान्यात येत नाही. गुन्हा नोंदला जातो तो बहुधा मेलेल्यावरच, पोलिसांवर हल्ला केल्याचा.

१६. लोक खून करतात कशासाठी? टोळ्यांमुळे?

टोळीयुद्ध गाजते फार, वाटा छोटा. २०२२ च्या २८,५२२ पैकी ९,९६२ खून वादांतून, ३,७६१ वैयक्तिक वैरातून आणि १,८८४ लाभासाठी झाले. 'वाद' या एका शब्दात जमिनीचा बांध, पैशांची देवघेव, घरगुती भांडण, किरकोळ कुरबूर, अगदी पाण्याचा वादही बसतो. पाण्याला तक्त्यात चक्क स्वतंत्र रकाना आहे. निफाड-येवल्याकडच्या पाटकऱ्याला त्यात आश्चर्य वाटणार नाही. मारणारा बहुतेक वेळा ओळखीचा, भाऊबंदकीतला किंवा शेजारचा असतो. अंधाऱ्या गल्लीतल्या अनोळखी माणसाची भीती आपण उगाच जास्त बाळगतो.

१७. लॉकडाऊनमध्ये खून थांबले असतील ना?

नाही. २०१९ मध्ये २८,९१५, २०२० मध्ये २९,१९३. किंचित वाढच. माणसे घरात कोंडली आणि वाद घरातच होते (पाहा प्रश्न १६). अमेरिकेत तर त्या एका वर्षात खून सुमारे तीस टक्क्यांनी वाढले.

१८. जगात आपण कुठे?

संयुक्त राष्ट्रांच्या अभ्यासानुसार २०२१ मध्ये जगात सुमारे ४,५८,००० माणसे मारली गेली, दर लाखामागे ५.८. अमेरिका खंडांत १५, आफ्रिकेत १२.७, आशियात २.३, युरोपात २.२. आपण आशिया-युरोपच्या रांगेत आहोत. जपानमध्ये मात्र दर पूर्णांकालाही पोहोचत नाही. देशादेशांची तुलना करताना व्याख्या तपासा: आपण वेगळे ठेवतो ते काही मृत्यू (प्रश्न १० आणि ११) इतरत्र त्याच रकान्यात असतात.

१९. किती खुनांत शिक्षा होते?

निकाल लागलेल्या खटल्यांपैकी साधारण ४० ते ४५ टक्क्यांत. 'निकाल लागलेल्या' हा शब्द सोडू नका. यंदा निकाल लागलेला खून पाच-दहा वर्षांपूर्वीचाही असू शकतो, आणि एकूण खटल्यांपैकी बहुसंख्य प्रलंबितच असतात. यंदाचे खून आणि यंदाच्या शिक्षा यांचा भागाकार करून टक्केवारी काढू नका. ती निरर्थक येते.

२०. १९०९ चा जॅक्सनचा वधही या आकड्यांत असेल का?

नाही. विजयानंद थिएटरमध्ये अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या त्या २१ डिसेंबर १९०९ ला; ही मालिका १९५३ पासूनची. तक्त्यात खुनाच्या कारणांमध्ये 'राजकीय' असाही एक रकाना असतो. इतिहास त्या रकान्यात मावत नाही, हे खरेच.

२१. मला माझ्या भागाचा आकडा हवा आहे. कुठे मिळेल?

देशाचा अहवाल उशिरा येतो: २०२२ चा डिसेंबर २०२३ मध्ये आला, २०२३ चा तर सप्टेंबर २०२५ च्या अखेरीस. तेवढे थांबायचे नसेल तर माहितीच्या अधिकारात अर्ज करा. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावा. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयावर आणि १५० शब्दांत बसवावा लागतो. शहराची माहिती आयुक्तालयाच्या जनमाहिती अधिकाऱ्याकडे, तालुक्यांची ग्रामीण अधीक्षक कार्यालयाकडे. दोन्ही हवे असेल तर दोन अर्ज. मागणी अशी लिहा: 'मागील दहा वर्षांतील, वर्षनिहाय व पोलीस ठाणेनिहाय, खुनाचे दाखल गुन्हे आणि मृत व्यक्तींची संख्या, स्वतंत्र रकान्यांत.' 'मृत व्यक्तींची संख्या' हे शब्द गाळलेत तर फक्त गुन्हे मिळतील (पाहा प्रश्न १३), आणि पुन्हा दहा रुपये आणि पुन्हा महिनाभर.